पोरगी पडदे रंगवणार, म्हणून काय झालं?

मैत्रिणींनो, या आठवड्यात पापड-कुरडयांची पत्रं जरा बाजूला ठेवते. लाखांदूर तालुक्यातल्या एका ताईंचं पत्र चार दिवस झाले, माझ्या टेबलावरून हलत नाही. मुलगी दहावीत आहे. मंडईला नाटक बघायला नेलं की नटनट्यांकडे तिचं लक्षच नसतं, मागचा पडदा बघत बसते आणि घरी येऊन तो वहीत उतरवते. आता म्हणते, सिनेमातली घरं नि महाल उभे करतात ते मला शिकायचंय. मामंजी संतापले, "पोरगी काय गावोगाव पडदे रंगवत फिरणार?" ताई विचारतात, हे काम असतं तरी काय, आणि त्यावर पोट भरतं का?

ताई, दिवाळी सरली की आपल्या झाडीपट्टीत रात्र रात्र नाटकं चालतात. तिथला राजवाड्याचा पडदा वर गेला नि जंगलाचा खाली आला की आपणही क्षणात जंगलात पोचतो. ही करामत सिनेमात ज्याच्याकडे असते, तो कलादिग्दर्शक. गोष्टीतली माणसं कुठल्या घरात राहतात, त्या घरात खिडकी कुठे, भांडी कसली, भिंतीचा रंग कोणता, हे सगळं तो ठरवतो, कागदावर काढतो आणि सुतार-रंगाऱ्यांकडून उभं करून घेतो.

यातली गंमत अशी की नवा सेट नवाकोरा दिसून चालत नाही. त्याला जुना करावा लागतो. चुलीमागची भिंत कुठवर काळी होते, चौकटीला हात लागून लागून तेलकट डाग कुठे पडतो, लेकुरवाळ्या घरात भिंतीवरच्या रेघोट्या किती उंचीपर्यंत असतात, हे आपल्याला कुणी शिकवायला हवं का? रोज पुसतोच की आपण! तुमच्या लेकीचा अर्धा अभ्यास घरातच झाला आहे म्हणा ना.

उरलेला अर्धा मात्र मोजमापाचा. फ्रेंच सिनेमात नाव कमावलेले अलेक्झांद्र त्रोनेर नावाचे कलादिग्दर्शक होते. १९६० सालच्या 'द अपार्टमेंट' या अमेरिकन चित्रपटात त्यांना अफाट मोठी कचेरी दाखवायची होती. जागा तर मर्यादित. त्यांनी मागे मागे टेबलं लहान करत नेली आणि शेवटच्या रांगांत बुटकी माणसं बसवली. पडद्यावर कचेरी संपता संपेना! त्यांना ऑस्कर मिळालं. तेव्हा मुलीला सांगा, गणिताचं पुस्तक फेकून चालायचं नाही.

आपल्या मराठी माणसांनीही या कामात मोठं नाव केलं. 'आवारा' आणि 'श्री ४२०' चे कलादिग्दर्शक एम. आर. आचरेकर हे मुळात नामवंत चित्रकार. अलीकडचं नाव घ्यायचं तर नितीन देसाई. हे दापोलीकडचे. 'लगान'साठी त्यांनी कच्छात भुजजवळ मातीच्या घरांचं अख्खं गाव उभं केलं, 'देवदास'साठी रंगीत काचांची हवेली. राष्ट्रीय पुरस्कार चार वेळा मिळाला. कर्जतला स्वतःचा स्टुडिओ बांधला, 'बालगंधर्व' चित्रपटाची निर्मितीही केली.

पण ताई, तुम्ही पोटाचं विचारलंत, म्हणून पुढचंही सांगते. २ ऑगस्ट २०२३ रोजी त्याच स्टुडिओत देसाईंनी आपलं आयुष्य संपवलं. त्यांच्या कंपनीवर अडीचशे कोटींच्या घरातलं कर्ज थकलेलं होतं. एवढ्या गुणी माणसाचं असं व्हावं! त्यांच्या मनात काय चाललं होतं ते आपण कोण सांगणार? पण ते कर्ज स्टुडिओ चालवणाऱ्या कंपनीचं होतं. सेट उभारण्याच्या कलेला त्यासाठी बोल लावू नये, असं मला वाटतं. पगारी नोकरीसारखी दरमहाची शाश्वती मात्र या कामात नाही. एक चित्रपट संपला की दुसरा मिळेपर्यंत थांबावं लागतं. मामंजींची काळजी अगदीच खोटी नाही.

मुलीच्या जातीचं हे काम आहे का, असंही तुमच्या पत्रात ओळींमधून दिसतं. 'दिल तो पागल है' आणि 'कुछ कुछ होता है' या चित्रपटांच्या कलादिग्दर्शक शर्मिष्ठा रॉय. वडील सुधेंदु रॉय याच व्यवसायातले, लेकीने तोच वारसा चालवला. आणि आपल्या कोल्हापूरच्या भानू अथैया! त्यांचं काम वेशभूषेचं, पण 'गांधी'साठी १९८३ मध्ये ऑस्कर घेऊन आल्या.

आता करायचं काय? एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या चित्रकलेच्या परीक्षा दिल्या नसतील तर शाळेतल्या चित्रकलेच्या सरांना विचारा. बारावीनंतर नागपूरचं शासकीय चित्रकला महाविद्यालय आहे, मुंबईचं जे. जे. आहे. चित्रकला, वास्तुकला किंवा अंतर्गत सजावट अशा विषयाची पदवी झाली की पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कलादिग्दर्शनाचा वेगळा अभ्यासक्रम आहे, प्रवेशपरीक्षा द्यावी लागते. म्हणजे निर्णयाला अजून पाच-सहा वर्षं आहेत. आणि मधेच मन पालटलं, तरी चित्रकला शिक्षिका होता येतं, घरांच्या सजावटीची कामं घेता येतात. मामंजींना एवढं शांतपणे सांगून बघा, जेवणं झाल्यावर, बरं का, आधी नको.

आणि सुट्टीत तिला एक काम द्या. तुमच्या स्वयंपाकघराची टेपने मापं घेऊन, कोनाड्यांसकट, कागदावर नकाशा काढायला सांगा. वही मात्र रेघांची आणू नका, कोरी आणा.