हजेरी आणि हक्क

सणाच्या अंकात कोर्टकचेरीचा विषय काढला म्हणून वाचकांनी रागावू नये. आमच्या रोहिणखेडकडे दिवाळीच्या मागेपुढे कापूस फुटतो, वेचणीला माणूस मिळत नाही, आणि नेमकी याच दिवसांत कोणाची ना कोणाची तारीख असते. धुऱ्याच्या भांडणात दावा लावलेल्या शेतकऱ्याने त्या दिवशी वावर सांभाळावे की दावा? पुकारा होतो. वकीलसाहेब दुसऱ्या कोर्टात अडकलेले असतात. ओ द्यायला कोणी नसते. गैरहजेरीसाठी दावा काढून टाकल्याची एक ओळ लिहिली, की संपले! धुरा कोणाचा, हे ठरलेच नाही. कोण आला नाही, एवढेच ठरले.

आपला दिवाणी कायदा १९०८ सालचा. त्याच्या नवव्या आदेशातली गंमत पाहा. वादी-प्रतिवादी दोघेही घरी बसले आणि दावा काढला गेला, तर मुदतीच्या आत वादीला नवा दावा लावता येतो. पण प्रतिवादी हजर राहून मागणी नाकबूल करीत असेल आणि वादी तेवढा नसेल, तर त्याच कारणासाठी नव्या दाव्याची वाट बंद! उरतो एक अर्ज: गैरहजेरीला पुरेसे कारण होते, दावा पुन्हा घ्यावा. त्याला मुदत ३० दिवस. तीही दावा काढल्या दिवसापासून, वादीला कळल्या दिवसापासून नव्हे. उशीर माफ होऊ शकतो, पण त्यासाठी आणखी एक अर्ज आणि आणखी तारखा.

मी मास्तर आहे. रोज हजेरी घेतो. ओ न देणारा पोरगा गैरहजर मांडतो, पण त्याच दिवशी त्याचे नाव शाळेतून कमी करीत नाही. आधी घरी निरोप धाडतो. मॅट्रिक झालेल्या मास्तराला जे सुचते, ते कायद्याला सुचू नये?

कोणी म्हणेल, दावे मुद्दाम रेंगाळत ठेवणारे काय थोडे आहेत? आहेत ना! प्रतिवादीने तरी फुकट किती खेटे घालावेत? त्याला त्या दिवसाचा खर्च अवश्य मिळावा. परंतु दंड करणे वेगळे आणि हक्क बुडवणे वेगळे.

वकील आला नाही याची शिक्षा निरपराध पक्षकाराला नको, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८१ साली रफीक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणात सांगितले. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत तर समन्सच्या खटल्यात फिर्यादी आला नाही, तरी आरोपीला सोडण्याआधी फिर्यादीला ३० दिवसांची सवड आहे. मग धुऱ्याच्या दाव्यालाच ती का नसावी?

माझे मागणे थोडके आहे. पहिल्या गैरहजेरीला दावा काढण्याआधी वादीच्या स्वतःच्या घरी, मराठीत, नोटीस जावी. ती हाती पडूनही तो आला नाही, तर दावा खुशाल काढावा. तोवर त्याला हाक मारली, असे कोणी म्हणू नये. बुलढाण्याच्या व्हरांड्यातली हाक घाट उतरून आमच्या वावरापर्यंत पोचत नाही.