स्थानबद्धाचे दिवस आणि न्यायालयाचे दिवस

लेहमधील हिंसाचारानंतर 26 सप्टेंबर 2025 रोजी सोनम वांगचुक यांना राष्ट्रीय सुरक्षा कायद्याखाली स्थानबद्ध करून जोधपूरच्या कारागृहात नेण्यात आले. त्यांच्या पत्नीने सर्वोच्च न्यायालयात याचिका केली तेव्हा पहिल्याच सुनावणीत वाद झाला तो स्थानबद्धतेच्या कारणांचा कागद कोणाला द्यायचा यावर. कायद्याने तो स्थानबद्धाला द्यावा लागतो, पत्नीला नव्हे, ही सरकारची बाजू. कारणेच हाती नसतील तर आव्हान कशाला द्यायचे, ही याचिकेची. त्या प्रकरणाच्या गुणावगुणांत मी शिरत नाही. पण एवढ्या गंभीर विषयाची सुरुवात एका कागदाच्या पोचपावतीवरून व्हावी याचे अनेकांना नवल वाटले असेल. ज्यांनी या कायद्याखालील फायली हाताळल्या आहेत त्यांना ते वाटले नसणार.

कारण प्रतिबंधात्मक स्थानबद्धतेत प्रक्रिया हाच बचाव असतो. येथे गुन्हा शाबीत करायचा नसतो. अमुक व्यक्ती मोकळी राहिल्यास सार्वजनिक सुव्यवस्थेला बाधा येईल अशी अधिकाऱ्याची खात्री झाली की पुरे, आणि ती खात्री बरोबर की चूक हे न्यायालय सहसा पाहत नाही. जिल्हा दंडाधिकारी असताना माझ्यासमोर असे प्रस्ताव येत. पोलिसांकडून आलेल्या बाडात जुन्या गुन्ह्यांची यादी, गोपनीय अहवाल आणि बहुधा आदेशाचा टंकलिखित मसुदाही असे. दंडाधिकाऱ्याची ‘खात्री’ त्या मसुद्यात आधीच नोंदलेली असे. खाली सहीपुरती जागा मोकळी. अशा खात्रीची परीक्षा घ्यायची तर ती प्रक्रियेच्या बाजूनेच घेता येते. कारणे कधी दिली, कोणत्या भाषेत दिली, ज्या दस्तऐवजांवर भिस्त ठेवली ते सोबत दिले का, स्थानबद्धाच्या अभिवेदनाचा विचार किती दिवसांत झाला, हेच प्रश्न उरतात.

1818 चे बंगाल रेग्युलेशन आणि 1919 चा रौलट कायदा ज्या पिढीने सोसला, त्याच पिढीने विनाचौकशी स्थानबद्धतेला मूलभूत हक्कांच्या प्रकरणात जागा दिली, ही आपल्या घटनेतील विलक्षण गोष्ट आहे. ‘ड्यू प्रोसेस’ हे शब्द मसुद्यातून गेल्यानंतर त्याची काही भरपाई व्हावी म्हणून सप्टेंबर 1949 मध्ये डॉ. आंबेडकरांनी घटनासमितीत जी तरतूद मांडली, तीच आजचा अनुच्छेद 22. वकील आणि चोवीस तासांत दंडाधिकारी हे हक्क त्याने अटक झालेल्याला दिले, स्थानबद्धाला नाकारले. स्थानबद्धाच्या वाट्याला आले ते कारणे शक्य तितक्या लवकर कळवणे आणि अभिवेदनाची लवकरात लवकर संधी. दोन्ही हमींत कळीचा शब्द आहे ‘लवकर’.

सरकारच्या बाबतीत न्यायालयाने या शब्दाचा अर्थ कठोरपणे लावला आहे, हे मान्य केले पाहिजे. महाराष्ट्रातीलच 1962 च्या हरिकिसन प्रकरणात इंग्रजी न जाणणाऱ्या स्थानबद्धाने कारणांचा हिंदी अनुवाद मागितला होता. इंग्रजी ही शासनाची भाषा आहे, हे प्रशासनाचे उत्तर न्यायालयाने स्वीकारले नाही. तामिळनाडूच्या 1999 च्या राजम्माल प्रकरणात मंत्री दौऱ्यावर असल्याने अभिवेदनाची फाईल पाच दिवस पडून राहिली. तेवढ्यावरून आदेश रद्द झाला.

पण पाच दिवसांचा हिशेब मागणारे न्यायालय स्वतःच्या महिन्यांचा हिशेब कोणाला देते? केरळमधील एका तस्करी प्रतिबंधक प्रकरणात स्थानबद्धाचे अभिवेदन तुरुंग अधिकाऱ्यांनी साध्या टपालाने पाठवले. ते पोहोचलेच नाही, आणि त्यावर विचार व्हायला सुमारे नऊ महिने लागले. उच्च न्यायालयाने याचिका फेटाळली. सर्वोच्च न्यायालयाने आदेश रद्द केला, तुरुंग प्रशासनाला कडक शब्दांत सुनावले; तारीख होती 12 सप्टेंबर 2024. मूळ आदेश ऑगस्ट 2023 अखेरचा होता. म्हणजे निकाल स्थानबद्धाच्या बाजूने लागला तेव्हा आदेशाला वर्ष उलटून गेले होते. राष्ट्रीय सुरक्षा कायद्याखालीही कमाल मुदत बारा महिनेच आहे. हेबियस कॉर्पस याचिका सात-आठ महिने रेंगाळली, तर जिंकणाऱ्याला मिळते ते बहुतांशी प्रमाणपत्र.

अधिकारी वर्गात यावर एक ठरलेली कुरकूर असते, ‘तांत्रिक मुद्द्यावर सुटला’. ती अगदीच निराधार नाही. काही माणसे खरोखर धोकादायक असतात आणि साक्षीदार खरोखर घाबरतात. परंतु आदेश रद्द झाल्याने मूळ गुन्ह्यांचे खटले रद्द होत नाहीत. सामान्य कायदा पुरेसा असेल तेथे स्थानबद्धता बेकायदा, असे सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्ये रेखा प्रकरणात सांगितले आणि 2023 व 2024 मध्ये तेलंगणा सरकारला या अधिकाराच्या सरधोपट वापराबद्दल पुन्हा ऐकवले. आदेश टिकावा असे वाटत असेल तर कागदपत्रे वेळेवर आणि पूर्ण देणे प्रशासनाच्याच हाती आहे.

सल्लागार मंडळ ही दुसरी चाळणी. राष्ट्रीय सुरक्षा कायद्याखाली मंडळाचे सदस्य सरकार नेमते आणि त्यांच्यापुढे वकील देण्याचा हक्क स्थानबद्धाला नाही. 44 व्या घटनादुरुस्तीने 1978 मध्येच ही नेमणूक उच्च न्यायालयाच्या मुख्य न्यायमूर्तींच्या शिफारशीवर सोपवली आणि मंडळाच्या अभिप्रायाविना स्थानबद्ध ठेवण्याची मुदत तीन महिन्यांवरून दोनवर आणली. ते कलम लागू करणारी अधिसूचना मात्र कोणत्याही पक्षाच्या सरकारने आजवर काढलेली नाही. 1981 च्या ए. के. रॉय प्रकरणात न्यायालयानेही सरकारला तसा आदेश देण्यास नकार दिला.

या अधिसूचनेची वाट पाहत असताना एक गोष्ट न्यायव्यवस्थेला संसदेविना करता येईल. राष्ट्रीय सुरक्षा कायद्याने सल्लागार मंडळाला स्थानबद्धतेपासून सात आठवड्यांत अहवाल देण्याचे बंधन घातले आहे. न्यायालयांना कोणतीच मुदत नाही. उच्च न्यायालयांनी आपल्या नियमांत सरकारच्या उत्तरासाठी दोन आठवडे आणि निकालासाठी सात आठवडे अशी मर्यादा घालावी, मुदतवाढ द्यावी लागलीच तर तिची कारणे नोंदवावीत, आणि प्रलंबित याचिकांची यादी दर महिन्याला मुख्य न्यायमूर्तींपुढे ठेवावी. अभिवेदन ई-मेलने पाठवण्याची अपेक्षा तुरुंगांकडून करणाऱ्या न्यायालयाला ही यादी तयार करणे जड जाऊ नये.