निःपक्षपाताचे सोंग

चळवळीत पडलेल्या माणसाने इतिहासाच्या वाटेस जाऊ नये, त्याच्या लेखणीस पक्षपाताचा विटाळ झालेला असतो, असे सुविद्य मंडळी मोठ्या गांभीर्याने सांगत असतात. हा आक्षेप किती पोकळ आहे हे ज्यास पाहावयाचे असेल, त्याने अमेरिकेतील कृष्णवर्णीय पुढारी डब्ल्यू. ई. बी. डू बॉइस यांचा १९३५ सालचा ‘ब्लॅक रिकन्स्ट्रक्शन इन अमेरिका’ हा ग्रंथ डोळ्यांखालून घालावा.

१८६१ ते १८६५ च्या यादवी युद्धानंतर दक्षिणेतील मुक्त गुलामांस मताचा हक्क मिळाला. १८७७ नंतर तो दंडेलीने व कायद्याच्या कसरतींनी हिरावला गेला. या काळाविषयी कोलंबिया विद्यापीठातील विल्यम डनिंग व त्यांच्या शिष्यांनी असा इतिहास रचला की, अडाणी काळ्यांच्या हाती सत्ता गेली आणि अंदाधुंदी माजली. हे प्राध्यापक होते, चळवळे नव्हते; म्हणून ते निःपक्षपाती! मळेवाल्याची तक्रार हा पुरावा आणि गुलामाची साक्ष ही निव्वळ कैफियत, असा तो न्याय होता.

डू बॉइस यांनी त्या सुमारे ४० लक्ष गुलामांकडे मजूर म्हणून पाहिले. सैन्ये जवळ येताच लाखोंनी मळे सोडले. जवळजवळ २ लक्ष लोक उत्तरेच्या सैन्यात व आरमारात दाखल झाले. यास त्यांनी सार्वत्रिक संप म्हटले. दक्षिणेत सार्वजनिक शाळांची पद्धत रुजविण्याचे श्रेयही त्यांनी या बदनाम राजवटींस दिले. गोरा मजूर काळ्याशी एकजूट का करीना? तुटपुंज्या रोजाबरोबर त्यास वर्णाचा मानही मिळे, आणि हा मुशाहिरा मालकास फुकटात पडे!

संघटनेवाचून संप कसला, असे कोणी विचारील. त्यावर वाद अवश्य व्हावा. डू बॉइस यांनी मूळ दप्तरे फारशी चाळली नाहीत, हेही खरे. परंतु वर्णभेदाने दप्तरखान्याची वाट अडवावयाची आणि मग कागदांची उणीव दाखवावयाची, हा कोठला न्याय? १९०९ साली त्यांनी अमेरिकन हिस्टॉरिकल असोसिएशनपुढे हाच विषय मांडला होता. पुढे ग्रंथ निघाला तेव्हा त्याच संस्थेच्या नियतकालिकाने त्याचे परीक्षणही छापले नाही. १९८८ साली एरिक फोनर यांच्या ‘रिकन्स्ट्रक्शन’ या ग्रंथाने डू बॉइस यांच्याच वाटेने जाऊन डनिंगपंथाचा निकाल लावला.

ज्या कोलंबियात डनिंग शिकवीत, तेथेच डॉ. आंबेडकर १९१३ ते १९१६ या काळात शिकत होते. १९४६ साली त्यांनी पत्र लिहून डू बॉइस यांच्याकडे कृष्णवर्णीयांच्या संयुक्त राष्ट्रसंघाकडील अर्जाची प्रत मागितली. दोघांसही आपापल्या देशांतील विद्वानांची ‘तटस्थता’ पुरती ठाऊक होती.

तेव्हा वाचकांनी लेखक चळवळ्या आहे की काय, ही चौकशी सोडून द्यावी. त्याने कोणाची साक्ष घेतली व कोणाची वगळली, एवढेच विचारावे. आणि तोच प्रश्न खुर्चीवरील प्राध्यापकांसही न भिता करावा.