बाहेरून काळी, आतून कच्ची

जर्क चिकनचा फोटो पाहिला की नजर आधी त्याच्या रंगावर जाते. जवळजवळ काळी पडलेली तंगडी, कडेला करपलेली कातडी, त्यावर चकाकणारा मसाला. जमैकाचा हा पदार्थ आता घरच्या गच्चीवर, बागेत किंवा ओव्हनमध्ये करून पाहणारे कमी नाहीत. मसाल्याची बाटली मिळते, कृतीचे व्हिडिओ मिळतात. कोळसा फुलला, जाळी तापली की दहा-बारा मिनिटांत फोटोतला तो काळा रंगही मिळतो. मात्र त्याच वेळी हाडाजवळचे मांस अनेकदा कच्चेच असते. घरच्या घरी जर्क करताना खरा धोका तिखटाचा नाही आणि मसाल्याचाही नाही. रंग उचलला जातो आणि वेळ मागेच राहते, हा खरा धोका आहे.

हा पदार्थ मुळात घाईचा नाहीच. जमैकातल्या मळ्यांवरून निसटलेल्या आफ्रिकी गुलामांनी तिथल्या डोंगरांत आसरा घेतला. त्यांना मरून म्हणतात. इंग्रजांनी १६५५ मध्ये स्पेनकडून बेट घेतले, पण मरूनांना ते जिंकू शकले नाहीत. अखेर १७३९ मध्ये त्यांच्याशी तह करावा लागला. रानडुकराचे मांस तिखट मसाल्यात मुरवून मंद धुरावर शिजवण्याची रीत या मरूनांची. त्यात बेटावरच्या मूळच्या ताईनो लोकांचाही वाटा मानला जातो. कोंबडी नंतर आली. पोर्टलंड भागातले बॉस्टन बे हे गाव आजही जर्कसाठी ओळखले जाते. तिथे निखाऱ्यांवर पिमेंटोच्या हिरव्या काठ्या अंथरतात, त्यावर मांस ठेवतात, वरून पत्रा झाकतात आणि वाट पाहतात. मांस धुरात आणि वाफेत सावकाश शिजते. काळा रंग येतो तो या धुरातून, मसाल्यातून आणि वेळेतून. जाळाचा त्यात फारसा हात नसतो.

पिमेंटो म्हणजे ऑलस्पाइस. गोव्यातल्या मसाल्याच्या बागा पाहिलेल्यांना हे झाड ठाऊक असेल. त्याच्या फळात युजेनॉल असते, लवंगेला वास देणारे तेच द्रव्य. सोबत थाइम, कांद्याची पात, आले, लसूण, जायफळ, लिंबू, थोडी तपकिरी साखर, सोया सॉस आणि स्कॉच बॉनेट नावाची अतितिखट मिरची. हा मसाला मांसाला रात्रभर लावून ठेवतात. इथेच पहिला गैरसमज होतो. इतके तिखट, इतके आंबट, म्हणजे जंतू मेलेच असतील, असे अनेकांना वाटते. तसे होत नाही. आंबटपणा आणि मीठ पृष्ठभागावर थोडेफार काम करतात, पण त्यांच्या भरवशावर कच्ची कोंबडी सुरक्षित होत नाही. म्हणून मुरवण्याची जागा ओटा नव्हे, फ्रिज. कच्चे मांस बाहेर दोन तासांहून जास्त ठेवू नये, आणि हवा बत्तीस अंशांपुढे तापली असेल तर एक तासाहून जास्त नाही, असा अन्नसुरक्षेचा सर्वमान्य नियम आहे. मे महिन्यातल्या दुपारी तो तास फार लवकर संपतो.

कच्च्या कोंबडीवर कॅम्पिलोबॅक्टर आणि साल्मोनेला हे जंतू असू शकतात. कॅम्पिलोबॅक्टरचा त्रास बहुधा दोन ते पाच दिवसांनी सुरू होतो: जुलाब, ताप, पोटात कळा. बहुतेक जण आठवडाभरात बरे होतात. क्वचित काहींना त्यानंतर गिलाँ-बारे सिंड्रोम होतो. त्यात शरीराची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच मज्जातंतूंवर उलटते आणि हातपाय लुळे पडू शकतात. रविवारी खाल्लेल्या कोंबडीने बुधवारी पोट बिघडले, तर तिची आठवणही कुणाला येत नाही. दोष मंगळवारच्या पाणीपुरीला जातो आणि पुढच्या रविवारी तीच चूक पुन्हा होते. घरच्या शेगडीवर कुणी आजारी पडल्याचे फारसे ऐकू येत नाही, त्यामागे हा उशीरही आहे.

कोंबडी शिजली की नाही, हे रंग सांगत नाही. कोवळ्या कोंबडीत हाडातल्या रंगद्रव्यामुळे मांस पूर्ण शिजल्यावरही गुलाबी दिसू शकते. उलट सुरक्षित तापमान गाठण्याआधीच ते पांढरे दिसू शकते. जर्कमध्ये तर वरचा मसालाच गडद असल्याने बाहेरून काहीच कळत नाही. खात्रीची खूण एकच. सर्वांत जाड भागाच्या मधोमध, हाडाला न टेकवता, थर्मामीटर खुपसला की किमान चौऱ्याहत्तर अंश सेल्सिअस दिसायला हवे. असा थर्मामीटर काही शे रुपयांत मिळतो. ज्या घरात ग्रिल, चिमटे, ब्रश आणि आयात केलेला सॉस आहे, त्या घरात हीच एक वस्तू नसते, हे आश्चर्यच.

दुसरा प्रश्न कोंबडी धुण्याचा. जमैकातही कोंबडी लिंबाच्या किंवा व्हिनेगरच्या पाण्याने धुण्याची रीत आहे. मराठी घरांत हळद-मीठ लावून धुतात. दोन्हीकडे त्यामागे स्वच्छतेचीच भावना आहे. पण नळाच्या धारेखाली धुतलेल्या कोंबडीवरून उडणारे थेंब सिंक, ओटा आणि शेजारच्या कोशिंबिरीपर्यंत जातात. ब्रिटनच्या अन्न मानक संस्थेने २०१४ मध्ये कच्ची कोंबडी धुऊ नका अशी मोहीमच काढली होती. बाजारातून आणलेल्या कोंबडीवर पिसे किंवा रक्त असेल तर ते काढावेच लागते. अशा वेळी पातेल्यात थोडे पाणी घेऊन, न शिंतडता साफ करावे, पाणी हळूच ओतावे, सिंक आणि हात साबणाने धुवावेत. जंतू मारायचे काम पाण्याचे नाही, आचेचे आहे. मुरवून उरलेला मसाला शिजलेल्या तुकड्यांवर वरून लावण्याचा मोहही टाळावा. सॉस म्हणून हवा असेल तर कोंबडीला लावण्याआधीच वेगळा काढावा, नाहीतर चांगला उकळून घ्यावा.

आता करपण्याबद्दल. मांस खूप तापले की त्यातली अमिनो आम्ले आणि क्रिएटिन यांच्यापासून हेटेरोसायक्लिक अमाइन नावाची द्रव्ये तयार होतात. चरबी निखाऱ्यांवर गळून उठणाऱ्या धुरातून आणखी एका गटाची द्रव्ये मांसावर बसतात. प्रयोगशाळेतल्या प्राण्यांमध्ये यांतल्या अनेकांनी कर्करोग झाला आहे. माणसांबाबतचा पुरावा इतका स्वच्छ नाही, आणि वर्षातून चार वेळा ग्रिल करणाऱ्याने त्यावरून झोप उडवून घेण्याचे कारण नाही. पण ही द्रव्ये कमी करता येत असतील तर का करू नयेत?

इथे मसाला खरोखर मदतीला येतो. अमेरिकेतल्या कॅन्सस स्टेट विद्यापीठाच्या संशोधकांनी २००८ मध्ये बाजारातले तयार मसाले लावून गोमांसाचे तुकडे ग्रिल करून पाहिले. थाइम, ऑलस्पाइस, मिरची असलेल्या कॅरिबियन धर्तीच्या मसाल्याने ही द्रव्ये सुमारे ८८ टक्क्यांनी घटली. मात्र यावरून मसाला लावला की कितीही जाळा, असा अर्थ कुणी काढू नये. लॉरेन्स लिव्हरमोर प्रयोगशाळेत १९९७ मध्ये कोंबडीवरच एक प्रयोग झाला होता. तपकिरी साखर, लिंबू, लसूण, व्हिनेगर यांत मुरवलेल्या कोंबडीत या गटातले एक प्रमुख द्रव्य नव्वद टक्क्यांहून अधिक घटले. पण तीस-चाळीस मिनिटे ग्रिल केल्यावर दुसरे एक द्रव्य उलट कित्येक पटींनी वाढलेले आढळले. म्हणजे आच तीव्र आणि वेळ मोठी असेल तर मुरवलेल्या कोंबडीलाही सूट नाही. जर्कच्या मसाल्यात साखर असतेच. ती थेट जाळावर लगेच करपते, म्हणून तर बाहेरचा काळा रंग इतक्या लवकर येतो आणि फसवतो.

उपाय जमैकाच्याच पद्धतीत आहे. निखारे शेगडीच्या एका बाजूला सारावेत, कोंबडी दुसऱ्या बाजूला ठेवावी आणि वरून झाकण लावावे. हाडासह तंगड्या अशा पाऊण तासाच्या आसपास शिजतात. आतले तापमान चौऱ्याहत्तरला पोचले की शेवटची दोन-तीन मिनिटे निखाऱ्यांवर धरून कड आणावी. कुठे कोळसा झालाच तर तो भाग कापून टाकावा. ओव्हनमध्ये पूर्ण शिजवून शेवटी जाळीवर फिरवली तरी चालते. न चालणारी गोष्ट म्हणजे सकाळी अर्धी शिजवून ठेवायची आणि संध्याकाळी पाहुण्यांसमोर ग्रिल करायची. मधल्या तासांत कोमट मांसात जंतूंची चंगळ होते.

आणखी एक इशारा, कारण यात जीव जातो. पाऊस आला म्हणून कोळशाची शेगडी घरात किंवा काचा लावलेल्या बाल्कनीत आणू नये. कोळशातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइडला रंग नाही, वास नाही. निखारे राखेखाली विझल्यासारखे दिसत असतानाही तो निघत राहतो. डोके दुखते, गुंगी येते आणि माणसाला उठून दार उघडण्याचे भान राहत नाही.

यावर एक आक्षेप हमखास येतो: बॉस्टन बेमध्ये कोण थर्मामीटर लावतो? बरोबर आहे. तिथला जर्कवाला वर्षानुवर्षे रोज तेच काम करतो. बोटाने दाबून, सुटणारा रस पाहून, धुराचा वास घेऊन त्याला कळते. तो अनुभव हाच त्याचा थर्मामीटर. घरी वर्षातून तीन-चार वेळा ग्रिल पेटवणाऱ्याच्या हाताला ते ज्ञान नसते, आणि त्यात कमीपणाही नाही. पण ज्याच्याकडे अनुभव नाही त्याने त्याचा आव आणून पहिला तुकडा घरातल्या लहान मुलाच्या ताटात वाढू नये. लहान मुले, म्हातारी माणसे आणि गरोदर स्त्रिया यांनाच असा संसर्ग जास्त बाधतो, आणि पार्टीत पहिले ताट बहुधा त्यांचेच असते.

परक्या मातीतला पदार्थ घरी करून पाहणे ही चांगलीच गोष्ट. त्या मातीतल्या माणसांनी मांसाला जो वेळ दिला, तोही सोबत घ्यावा. पुढच्या वेळी जर्कच्या मसाल्याची दुसरी बाटली घेण्याआधी त्या पैशांत थर्मामीटर घ्यावा. फोटोत तो दिसणार नाही, पण ताटातली कोंबडी शिजली आहे की नाही, हे तोच सांगेल.