विश्लेषण : ‘बोल्ड’ वेबसिरीजचा झगमगाट आणि करारातली मेख

अमरावती किंवा अकोल्याहून रात्री अंबा एक्स्प्रेस पकडली, की सकाळी मुंबई. अभिनय-मॉडेलिंगची स्वप्ने घेऊन वऱ्हाडातली अनेक मुले-मुली ही वाट धरतात. अशांच्या फोनवर ‘बोल्ड वेबसिरीज, मोठे बजेट, डिझायनर कपडे’ असा निरोप आला, तर नेमके काय तपासायचे?

हा थाट आला कुठून?
अश्लीलपट म्हणजे अंधाऱ्या खोलीतले स्वस्त चित्रण, ही समजूत जुनी झाली. अमेरिकेत २००५ मध्ये आलेल्या ‘पायरेट्स’ या प्रौढपटावर १० लाख डॉलरहून अधिक खर्च झाल्याचे सांगितले गेले. पुढे इंटरनेटवर फुकट चित्रफितींचा पूर आला. पैसे मोजणारा ग्राहक टिकवायला काही कंपन्यांनी फॅशन मासिकांची शैली उचलली. आलिशान बंगले, उंची कपडे, सिनेमासारखी प्रकाशयोजना. म्हणजे हा थाट मुळात विक्रीसाठी आहे.

आपल्याकडे काय घडले?
फेब्रुवारी २०२१ मध्ये मुंबई पोलिसांनी मढ येथील बंगल्यावर छापा घातला. वेबसिरीजमध्ये काम देतो असे सांगून नवोदितांकडून अश्लील चित्रण करून घेतल्याचा पोलिसांचा आरोप होता. दोष कुणाचा, हे ठरवणे न्यायालयाचे काम. मार्च २०२४ मध्ये केंद्राने अश्लील मजकुरावरून १८ ओटीटी मंचांवर बंदी घातली.

कायदा काय सांगतो?
माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६७अ नुसार लैंगिक कृत्याचे उघड चित्रण ऑनलाइन प्रसारित केल्यास पहिल्याच गुन्ह्यात ५ वर्षांपर्यंत कैद आणि १० लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. कॅमेरा किती लाखांचा होता, हे हे कलम विचारत नाही. भारतीय न्याय संहितेचे कलम ७७ त्याहून मोलाचे. एखाद्या स्त्रीने खासगी चित्रणाला होकार दिला, पण ते इतरांना दाखवायला दिला नसेल, तर ते पसरवणे गुन्हा आहे.

मग तपासायचे काय?
करार आपल्याला कळणाऱ्या भाषेत आहे का? चित्रण कुठे दाखवणार, हे त्यात लिहिले आहे का? सेटवर गेल्यावर संहिता बदलली, तर नकार देता येतो का? की ‘नुकसानभरपाई भरा’ अशी धमकी मिळते? खरी मेख इथे असते.

फसवणूक मुंबईत झाली, तरी तक्रार अमरावती किंवा अकोल्यातल्या पोलिस ठाण्यातही देता येते. ‘झिरो एफआयआर’ची तरतूद त्यासाठीच आहे. १९३० ही सायबर आर्थिक फसवणुकीची हेल्पलाइन. अश्लील चित्रणाची तक्रार राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर नाव न देताही करता येते.

पण गावात बदनामी होईल, या धास्तीने बहुतेक जण गप्प बसतात आणि फसवणाऱ्याचे फावते. अशा वेळी घरच्यांनी ‘तू तिथे गेलीसच का?’ हा प्रश्न आधी विचारू नये. सोबत पोलिस ठाण्यात जावे.