हव्वाची बाजू कोण घेणार?

ॲडम आणि ईव्हची गोष्ट आपल्यापैकी बहुतेकांना कळली ती बायबलमधून नव्हे, जाहिरातींतून. परफ्यूम असो, चॉकलेट असो, एक बाई, एक साप आणि एक लालभडक सफरचंद दाखवलं की झालं काम! 'मोह' विकायला याहून सोपं चित्र नाही.

गंमत म्हणजे मूळ गोष्टीत सफरचंद नाहीच. बायबलच्या 'उत्पत्ती' या पहिल्या पुस्तकात नुसतं 'फळ' आहे. लॅटिनमध्ये 'मालुम' म्हणजे वाईट आणि जवळपास तसाच शब्द सफरचंदालाही आहे. या श्लेषामुळे बिचाऱ्याचं नाव गोवलं गेलं, असं अनेकांचं म्हणणं. ज्यू पंडितांनी अंजीर, द्राक्षं, अगदी गहूसुद्धा सुचवला. मायकेलअँजेलोने सिस्टिन चॅपेलच्या छतावर अंजिराचं झाड रंगवलं. आणि १७५३ साली लिनिअसने केळ्याला शास्त्रीय नाव दिलं 'म्युझा पॅराडिसियाका', म्हणजे नंदनवनातलं केळं. थोडक्यात, दादर स्टेशनबाहेर डझनाच्या भावात मिळणारं केळंही संशयितांच्या यादीत आहे!

फळ कुठलंही असो. झाड होतं बऱ्यावाइटाच्या ज्ञानाचं, आणि खरी भानगड तिथे आहे. देवाने ज्ञानावरच बंदी का घालावी?

संत ऑगस्टीनने सोळाशे वर्षांपूर्वी सांगितलं की प्रश्न फळाचा नाही, आज्ञा मोडण्याचा आहे. त्या पापाचा डाग मग साऱ्या मानवजातीला लागला. त्याच्या दोनेकशे वर्षं आधी इरेनिअस नावाच्या बिशपने जरा मवाळ भूमिका घेतली होती. ती दोघं अजून पोरं होती, वाढायची होती, असं तो म्हणायचा. १७८६ साली जर्मन तत्त्वज्ञ कान्टने तर गोष्ट उलटीच वाचली. त्याच्या मते बागेबाहेर पडणं म्हणजे उपजत प्रेरणेचं बोट सोडून माणसाने स्वतःच्या बुद्धीने चालायला लागणं. मराठीतही ही कथा नवी नाही हं! फादर थॉमस स्टीफन्स या इंग्रज माणसाने बायबलची कथा आपल्या ओवीत गुंफली. ते 'क्रिस्तपुराण' गोव्यात रायतूरला १६१६ साली छापलं गेलं.

मला कान्ट पटतो. फक्त एक विचारावंसं वाटतं. बुद्धीने पहिलं पाऊल टाकलं कोणी? गोष्ट नीट वाचा. हव्वा झाडाकडे बघते, विचार करते. फळ खायला चांगलं आहे, दिसायला देखणं आहे आणि त्याने शहाणपण येतं, अशी तीन कारणं तिच्याकडे आहेत. आदामकडे एकही नाही. दिलं, खाल्लं! आणि चौकशी सुरू झाल्यावर साहेब काय करतात? बायकोकडे बोट दाखवतात. वर ही बाई तूच दिली होतीस, असं देवालाही ऐकवतात. जबाबदारी झटकणारा जगातला पहिला मेल, बॉसलाच सुनावणारा. तरी पुढची हजारो वर्षं बदनामी कोणाची? तिचीच.

हे सगळं दूरच्या कुठल्या बागेतलं वाटत असेल, तर गिरगावात या. ११ मार्च १८८९ रोजी चौपाटीजवळ पंडिता रमाबाईंनी 'शारदा सदन' सुरू केलं, मुख्यतः उच्चवर्णीय विधवांना शिकवण्यासाठी. रमाबाईंच्या घरात 'निषिद्ध फळ' आधीच आलेलं होतं. त्यांचे वडील अनंतशास्त्री डोंगरे यांनी पत्नीला, लक्ष्मीबाईंना, संस्कृत शिकवलं. बाईला संस्कृत? पंडितमंडळी खवळली. शेवटी त्यांनी गावापासून दूर, गंगामूळच्या रानात संसार थाटला. तिथे आईने लेकीला शिकवलं. त्या लेकीला १८७८ साली कलकत्त्याच्या विद्वानांनी 'पंडिता' आणि 'सरस्वती' म्हटलं.

शारदा सदनची पहिली विधवा विद्यार्थिनी होती गोदूबाई. पुढे १८९३ साली धोंडो केशव कर्व्यांशी त्यांचा पुनर्विवाह झाला. सदन तोवर पुण्याला हललं होतं, आणि मुलींना ख्रिस्ती केलं जातंय या आरोपावरून त्याच वर्षी तिथे प्रचंड वादळ उठलं. अनेक पालकांनी मुलींना काढून नेलं. रमाबाई स्वतः १८८३ मध्ये ख्रिस्ती झाल्या होत्या, त्यामुळे शंका हवेतून आली नव्हती. पण हाल झाले ते वही-पाटी सोडून घरी परत गेलेल्या मुलींचे. आणि रमाबाईंनी उतारवयात काय केलं माहितीये? हिब्रू आणि ग्रीक शिकून अख्खं बायबल सोप्या मराठीत आणलं. १९२२ साली त्या गेल्या, ते पुस्तक १९२४ मध्ये निघालं. हव्वाची गोष्टही त्यात एका बाईच्या लेखणीतून आली.

आता जरा आपल्या लोअर परळकडे वळू. गिरण्यांच्या जागी टॉवर आले, ऑफिसं आली, ब्रोशरमध्ये 'पॅराडाइज' आलं. हा शब्द मुळात प्राचीन इराणी, अर्थ 'भोवती भिंत घातलेली जागा'. आत एसी, कॉफी, जिम, सगळं हजर. फक्त एका झाडाला हात लावायचा नाही: शेजारच्या डेस्कवरच्याला पगार किती?

माझ्या एका मैत्रिणीने लावला. तेच काम, तेवढाच अनुभव, पण त्याला जास्त. तिने वर जाऊन विचारलं, तर तिलाच प्रतिप्रश्न आला की तुला हे सांगितलं कोणी? आकडा का वेगळा, याचं उत्तर शेवटपर्यंत आलं नाही. टीममधल्यांनीही उगाच वातावरण बिघडवतेय म्हणून तिलाच नावं ठेवली. ज्याने आकडा सांगितला होता तो तर कॅन्टीनमध्ये तिच्या टेबलावर बसेनासा झाला. आदामच तो!

तिने सहा महिन्यांत नोकरी बदलली. नव्या ठिकाणी इंटरव्ह्यूलाच विचारलं, या पोस्टला तुम्ही बाकीच्यांना किती देता? सांगितलं त्यांनी.

तुम्ही शेवटचं कधी विचारलंत?