सरदारांचा सचिव

सरदार पटेल म्हटले की संस्थानांचे विलीनीकरण आठवते. मला मात्र ऑक्टोबर १९४९ मधील संविधान सभेतले त्यांचे भाषण अधिक मोलाचे वाटते. ज्या राजवटीने त्यांना तुरुंगात डांबले, तिच्याच आयसीएस अधिकाऱ्यांना घटनात्मक हमी द्यावी, असा आग्रह त्यांनी अनेक सदस्यांचा रोष पत्करून धरला. आपला सचिव आपल्या मताविरुद्ध टिपण लिहू शकतो, असे ते तेथे अभिमानाने म्हणाले. पुढे ३१ ऑक्टोबर २०१३ रोजी, म्हणजे योगायोगाने सरदारांच्या जयंतीदिनीच, सर्वोच्च न्यायालयाने सनदी अधिकाऱ्यांना किमान निश्चित कार्यकाळ द्यावा आणि तोंडी आदेशांची लेखी नोंद व्हावी, असे निर्देश दिले. तरीही गैरसोयीचे टिपण लिहिणाऱ्याच्या हाती बदलीचा आदेश पडतोच. आणि तो काढणारे मंत्रीही दर जयंतीला सरदारांच्या पुतळ्याला हार घालतात.